'लॉर्ड ऑफ द फ्लाइज'मधल्या प्रतीकांवर उत्तर कसं लिहायचं

'शंख म्हणजे लोकशाही, चष्मा म्हणजे विज्ञान' एवढंच लिहून थांबू नका प्लीज. विल्यम गोल्डिंगच्या 1954 च्या या कादंबरीत (मोठं कोणी नसलेल्या बेटावर अडकलेल्या शाळकरी मुलांची गोष्ट) वस्तूंचा अर्थ कळतो तो त्या वस्तूंचं पुढे काय काय होत जातं त्यावरून. म्हणून आधी एकच वस्तू निवडा आणि 12 चॅप्टरमध्ये ती कुठे येते, कोणाच्या हातात असते, कशी दिसते हे पेन्सिलने मार्क करत जा.

शंखाचंच बघा, सुरुवातीला क्रीम रंगाचा, मधेमधे गुलाबी छटा, मुलांचा पुढारी राल्फ तो फुंकतो, मुलं जमतात आणि ज्याच्या हातात शंख त्यानेच बोलायचं असं ठरतं. पण दुसऱ्याच चॅप्टरमध्ये राल्फचा प्रतिस्पर्धी जॅक म्हणतो की डोंगरावर शंख चालणार नाही! पाचव्यापर्यंत रंग उडून तो पांढरट पडलेला असतो. फुटतो अकराव्यात, पण नियम त्याच्या कितीतरी आधीपासून मोडत आलेला असतो, हे दाखवलंत की उत्तराला वजन येतं.

चष्मा थोडक्यात: तो पिगी नावाच्या मुलाचा, त्याच्या काचेतून ऊन पाडून मुलं आग पेटवतात, चौथ्यात एक काच फुटते, दहाव्यात जॅक आणि दोघं रात्री येऊन तो चोरून नेतात. (पिगीला लांबचं दिसत नाही आणि तसल्या भिंगाने ऊन एका जागी येत नाही हे खरंय, पण प्रतीकाच्या उत्तरात त्यात अडकू नका.)

मला सगळ्यात महत्त्वाचा वाटतो तो दगड. चौथ्या चॅप्टरमध्ये रॉजर छोट्या हेन्रीच्या दिशेने दगड मारतो पण मुद्दाम नेम चुकवतो, त्याच्याभोवती साधारण 6 यार्डांची जागा सोडतो कारण आईवडील, शाळा, पोलीस, कायदा यांचा धाक अजून त्याच्या हातात शिल्लक आहे. तोच रॉजर अकराव्यात भलामोठा धोंडा ढकलतो आणि पिगी मरतो, शंखाचाही चुरा होतो. हे दोन प्रसंग शेजारी शेजारी ठेवून लिहा, बेटावर काय संपलं ते वेगळं सांगावंच लागत नाही.

आग घेणार असाल तर शेवटचा चॅप्टर आधी परत वाचा. जहाज येतं ते मदतीसाठी पेटवलेल्या सिग्नलच्या आगीमुळे नाही, राल्फला हुसकून मारायला लावलेल्या आगीचा धूर बघून येतं, आणि सोडवायला आलेला अधिकारी पण युद्धावरचाच. गोल्डिंग स्वतः दुसऱ्या महायुद्धात रॉयल नेव्हीत होता, त्यामुळे त्या अधिकाऱ्याच्या युनिफॉर्मवर एक परिच्छेद नक्की द्या.