ब्लूज रॉक ड्रमर व्हायचंय? मग आधी शफल पक्का करा

ब्लूज रॉकमधे ड्रमरचं करिअर कसं उभं राहतं ते बघायचं असेल तर क्रिस लेटनकडे बघा. टेक्ससचा माणूस, 1975 ला ऑस्टिनला आला, 1978 मधे गिटारिस्ट स्टीव्ही रे वॉनच्या डबल ट्रबल या बँडमधे बसला आणि शेवटपर्यंत तिथेच राहिला. लांबलचक सोलो वगैरे त्याची ओळखच नाही, त्याची ओळख म्हणजे शफल, ब्लूजचा तो झुलता ताल.

तर सुरुवात तिथूनच करा. प्रत्येक बीटचे तीन भाग, म्हणजे आपली तिश्र जाती, त्यातला पहिला आणि तिसरा वाजवायचा, मधला मोकळा सोडायचा. उजवा हात राइडवर, म्हणजे मोठ्या झांजेवर, आणि स्नेअर, म्हणजे समोरचा खणखणीत ड्रम, चार बीटमधल्या दोन आणि चारवर. मेट्रोनोम (ठोके देणारं यंत्र) मिनिटाला 60 ठोक्यांवर लावा आणि घाई अजिबात करू नका, हळू शफल वाजवणंच खरं अवघड असतं. हे जमलं की डबल शफल, म्हणजे डावा हातही स्नेअरवर तोच पॅटर्न वाजवतो, पण काठी कातड्यापासून जेमतेम इंचभर वर, आणि दोन-चारला मात्र वरून सणसणीत. सगळी मजा या लहान-मोठ्या आवाजातच आहे, सगळे स्ट्रोक सारखे पडले की शफल मेलाच समजा. रोज मोबाईलवर रेकॉर्ड करून ऐका, डावा हात कुठे जड पडतो ते लगेच कळतं. मग मेट्रोनोमची क्लिक फक्त दोन आणि चारवर ठेवून बघा, टेम्पो किती हलतो ते तेव्हा दिसेल.

ब्लूजचा बारा बारचा साचा (बार म्हणजे चार बीटचं एक आवर्तन) मोजत बसू नका, गिटारवाला गाऊ लागला की फिल, म्हणजे मधल्या भरावाच्या जागा, बंद, अकराव्या-बाराव्या बारला टर्नअराउंडमधे, म्हणजे साचा परत सुरुवातीकडे वळतो तिथे, काय ते वाजवा. स्लो ब्लूजमधे तर अजूनच कमी.

बेसवाला जपा, हे मी फार मनापासून सांगतोय. डबल ट्रबलमधे बेसवर टॉमी शॅनन 1981 मधे आला आणि लेटन-शॅनन ही जोडी पुढे आर्क एंजल्स, स्टोरीव्हिल अशा बँडमधेही एकत्र वाजली. 1990 ला हेलिकॉप्टर अपघातात स्टीव्ही गेला तरी लेटनचं काम थांबलं नाही, नंतर केनी वेन शेफर्डसोबतही तो वाजवत राहिला, कारण गिटारिस्टला हवा तसा भक्कम पाया तो देतो.

स्टुडिओची तयारीही आत्तापासूनच ठेवा. डबल ट्रबलचा पहिला अल्बम 1982 मधे गायक जॅक्सन ब्राउनने फुकट दिलेल्या स्टुडिओत तीन दिवसांत झाला, सगळे एकत्र बसून, जवळजवळ लाइव्हच. म्हणून बँडबरोबर अख्खं गाणं न थांबता वाजवायची सवय लावा, चुकलं तरी पुढे जायचं.

मुंबईत असाल तर मेहबूब स्टुडिओतल्या महिंद्रा ब्लूज फेस्टिव्हलला जा, ड्रमरच्या बाजूने उभे रहा आणि फक्त त्याचा डावा हात बघा.