समुद्रगरुडाचे घरटे असलेले झाड तोडायचे असेल तर…

कोकण किनाऱ्यालगतच्या बागांत समुद्रगरुड उंच आंब्यावर किंवा सुरूवर घरटे बांधतो. झाड आपल्या सातबाऱ्यातले असले, तरी वन्यजीव (संरक्षण) अधिनियम, १९७२ च्या पहिल्या अनुसूचीतील (सर्वाधिक संरक्षण असलेल्या प्राण्यांच्या यादीतील) या पक्ष्यावर आपला कोणताही हक्क पोहोचत नाही.

प्रथम बुंध्याशी पाहावे. विष्ठेचे पांढरे ओघळ, माशांचे काटे आणि समुद्रसापांचे मणके पडलेले असतील, तर घरटे वापरात आहे. आंबा, फणस यांसारख्या झाडांच्या तोडीसाठी वृक्ष अधिकाऱ्याकडे अर्ज करावाच लागतो. त्या अर्जात घरट्याचा स्पष्ट उल्लेख करावा.

खरी अडचण यापुढे येते. ‘घरटे रिकामे दिसले की करवत लावा’ हा सल्ला गावोगाव दिला जातो आणि तो सर्वस्वी चुकीचा आहे. कायद्यातील शिकारीच्या व्याख्येत अंड्यांना किंवा घरट्याला बाधा पोहोचवणेही येते, आणि तोडीच्या परवान्याने त्यातून सुटका होत नाही. पहिल्या अनुसूचीतील प्राण्याबाबतच्या गुन्ह्याला किमान ३ वर्षांची कैद आणि किमान २५ हजार रुपये दंड आहे. मी स्वतः एकदा शेजाऱ्याच्या बागेत दोन तास उभा राहून ‘पक्षी नाही’ असे सांगितले होते. दुसऱ्या दिवशी लाकूडतोडे दोर बांधत असताना घरट्याच्या काठावर हिरव्या पानांची ताजी डहाळी दिसली आणि काम थांबवले. अंडी उबवणारी मादी इतकी खोल बसते की खालून तिचे डोकेही दिसत नाही. त्यामुळे एका फेरीवर कधीही विसंबू नये. किमान आठवडाभर, सकाळी आणि संध्याकाळी, दुरून दुर्बिणीने पाहावे व तारखा लिहून ठेवाव्यात. जोडी तेच घरटे काटक्या वाढवून वर्षानुवर्षे वापरते, म्हणून पिल्ले उडून गेल्यावरही ते सोडून दिलेले समजू नये. वनपरिक्षेत्र अधिकाऱ्याने जागेवर पाहणी करून लेखी कळवल्याशिवाय झाडाला हात लावू नये, आणि माझ्या मते घरट्याचे झाड राखून शेजारचे झाड तोडणे हाच उत्तम मार्ग आहे.

नारळ काढणे, शिंपणे ही बागेतली कामे चालू ठेवता येतात. मात्र ऑक्टोबरपासून पिल्ले उडेपर्यंत त्या झाडाखाली यंत्रे व फटाके टाळावेत. गरुड कोंबड्या उचलत असेल, तर खुराड्यावर जाळी घालावी. पहिल्या अनुसूचीतील पक्ष्याला मारण्याची परवानगी मालमत्तेच्या नुकसानीसाठी मिळत नाही. जखमी पक्षी आढळल्यास घरी न ठेवता वनविभागाच्या १९२६ या क्रमांकावर कळवावे.