कॅनडाच्या साहित्यावर काम करायचंय? सूची आणि समीक्षा कशा शोधायच्या, कशा वाचायच्या

कॅनडाच्या साहित्यावर एमए, पीएचडी करणारी किंवा नुसतं आवडीने वाचणारी बरीच मंडळी थेट सर्चमध्ये मार्गारेट ॲटवूड नाहीतर ॲलिस मन्रो अशी गाजलेल्या लेखिकांची नावं टाकतात, मग हजारभर लेख समोर येतात आणि त्यातलं कुठलं आधी वाचायचं तेच कळत नाही. त्यापेक्षा आधी सूच्यांकडे, म्हणजे बिब्लिओग्राफींकडे जा. आणि कुठलीही सूची हातात घेतली की पहिले तीन प्रश्न विचारा: ही कुठल्या वर्षापासून कुठल्या वर्षापर्यंतची आहे, कुठल्या भाषेतली पुस्तकं हिच्यात घेतलीत, आणि कोणाला घेतलंच नाही. हे तीन प्रश्न अख्ख्या कामात पुन्हा पुन्हा उपयोगी पडतात, समीक्षा वाचतानासुद्धा.

सुरुवात जुन्यापासून करू. इंग्रजीतल्या कॅनेडियन पुस्तकांची पायाभूत यादी म्हणजे रेजिनाल्ड वॉटर्स यांची चेकलिस्ट. ती पहिल्यांदा 1959 साली आली तेव्हा 1628 ते 1950 पर्यंतची होती, मग 1972 च्या आवृत्तीत 1960 पर्यंत वाढवली. कविता, कथा-कादंबरी, नाटक असे विभाग पाडलेत आणि मागे इतिहास, चरित्र, प्रवासवर्णन वगैरे पार्श्वभूमीची पुस्तकं दिलीत. तुमचा लेखक एकोणिसाव्या शतकातला असेल तर इथूनच सुरू करा, कारण त्याने काय काय छापलं हे एका जागी दिसतं. पण ही यादी पुस्तकांची आहे, लेखकाबद्दल कोणी काय लिहिलं ते हिच्यात शोधू नका. त्यासाठी वॉटर्स आणि इंग्लिस बेल या दोघांनी मिळून 1966 साली वेगळी यादी काढली, 1806 ते 1960 या काळातले लेख, पुस्तकं आणि थीसिस यांची. दोन्ही शेजारी ठेवून वापरल्या की 1960 पर्यंतचं चित्र बऱ्यापैकी भरतं.

त्यानंतरच्या काळासाठी माझ्या मते सगळ्यात कामाची गोष्ट म्हणजे रॉबर्ट लेकर आणि जॅक डेव्हिड यांनी संपादित केलेली, ईसीडब्ल्यू प्रेस या प्रकाशनाची प्रमुख लेखकांची सटीप सूची. आठ खंड आहेत, 1979 ते 1994 या काळात निघालेले. प्रत्येक लेखकाचे दोन भाग केलेत, पहिल्यात त्याने स्वतः लिहिलेलं सगळं, दुसऱ्यात त्याच्यावर लिहिलेलं सगळं, आणि दुसऱ्या भागात प्रत्येक लेखाखाली दोनचार ओळीत तो काय म्हणतो ते दिलंय. या दोनचार ओळी सोन्यासारख्या आहेत, कारण लेख मागवायचा की नाही हे त्यावरून ठरवता येतं. पुस्तक परीक्षणंसुद्धा नोंदवलीत, म्हणजे कादंबरी आली त्या वर्षी वर्तमानपत्रांनी तिला कसं घेतलं हे शोधायची सोय होते. विषम क्रमांकाच्या खंडात गद्य आणि सम खंडात कविता अशी विभागणी आहे, त्यामुळे ॲटवूड एकदा पहिल्या खंडात आणि एकदा दुसऱ्या खंडात सापडते, एकच बघून थांबू नका.

आता इथेच वर्षाचा प्रश्न येतो. पहिला खंड 1979 चा, आणि 'द हँडमेड्स टेल' आली 1985 साली. म्हणजे ॲटवूडवरची ही तपशीलवार छापील सूची तिच्या सगळ्यात गाजलेल्या कादंबरीच्या आधीच संपते. हे आधी बघितलं नाही तर कोणीतरी 'या कादंबरीवर फारसं लिहिलं गेलं नाही' असं थीसिसमध्ये लिहून मोकळा होईल. तिच्यावरचं 1980 नंतरचं बरंचसं एमएलए (मॉडर्न लँग्वेज असोसिएशन) इंटरनॅशनल बिब्लिओग्राफीसारख्या डेटाबेसमधून काढावं लागतं, तो डेटाबेस मोठ्या युनिव्हर्सिटी लायब्रऱ्यांकडे असतो.

दरवर्षीचा आढावा हवा असेल तर युनिव्हर्सिटी ऑफ टोरोंटो क्वार्टर्लीमधलं 'लेटर्स इन कॅनडा' हे सदर बघा, ते 1936 पासून येतंय, एकेका वर्षात काय काय निघालं आणि त्या वेळच्या जाणकारांना त्यातलं काय महत्त्वाचं वाटलं हे कळतं. आज विसरलेले किती लेखक तेव्हा मोठे मानले जात होते हे बघायला मला हे सदर फार आवडतं.

थीसिससाठी लायब्ररी अँड आर्काइव्हज कॅनडाचं थीसिस कॅनडा पोर्टल आहे, फुकट आहे, बऱ्याच प्रबंधांची पूर्ण पीडीएफ मिळते. नव्या प्रबंधाची मागची संदर्भसूची ही कुठल्याही छापील सूचीपेक्षा ताजी असते, म्हणून आपल्या विषयावरचे शेवटच्या काही वर्षांतले दोनतीन प्रबंध शोधून आधी त्यांची शेवटची पानं वाचा, मजकूर नंतर. जुनी मूळ पुस्तकं बघायची असतील तर कॅनेडियाना नावाचा डिजिटल संग्रह 2019 पासून सगळ्यांसाठी मोफत खुला झालाय.

लायब्ररीत कपाटापुढे उभे राहाल तेव्हा एक गोष्ट माहीत असू द्या. अमेरिकेच्या लायब्ररी ऑफ काँग्रेसच्या वर्गीकरणात कॅनडाचं इंग्रजी साहित्य पीआर 9180 ते 9199 मध्ये बसतं आणि फ्रेंच साहित्य पार वेगळीकडे, पीक्यू 3900 च्या आसपास. कॅनडातल्या बऱ्याच लायब्रऱ्या मात्र स्वतःचा पीएस 8000 हा वर्ग वापरतात आणि तिथे दोन्ही भाषा एकत्र येतात. म्हणजे तुमची लायब्ररी कुठली पद्धत वापरते त्यावर शेजारच्या फळीवर काय सापडेल ते ठरतं. पीआरवाल्या लायब्ररीत नुसतं फळीवर बोट फिरवत गेलात तर क्वेबेक, म्हणजे कॅनडाचा फ्रेंच भाषिक प्रांत, दिसणारच नाही.

फ्रेंच बाजू सोडू नका ही माझी कळकळीची विनंती. फ्रेंच येत नसेल तरीसुद्धा. क्वेबेकच्या साहित्यकृतींचा मोठा कोश आहे, मॉरिस लमीर यांच्या संपादनाखाली 1978 ला सुरू झालेला आणि खंडाखंडाने निघालेला, त्यात एकेका पुस्तकावर स्वतंत्र नोंद आहे. जर्नल्ससाठी एरुदी नावाचा प्लॅटफॉर्म आहे, बरेच लेख मोफत आहेत, इंग्रजी सारांश पुष्कळदा मिळतो. भाषांतर वापरत असाल तर कोणाचं आणि कुठल्या वर्षीचं ते लिहून ठेवा, गॅब्रिएल रॉयच्या 1945 च्या पहिल्या कादंबरीचं इंग्रजी भाषांतर 1947 ला एक आलं आणि 1980 ला दुसरं आलं, त्यामुळे जुन्या समीक्षकाने दिलेलं अवतरण तुमच्या प्रतीत शब्दशः मिळणार नाही.

नावं आणि शीर्षकं यातही अडकायला होतं. फिलिप ओबेर द गास्पे या नावाचे दोन लेखक आहेत, मुलाची कादंबरी 1837 ची आणि बापाची 1863 ची, कॅटलॉगमध्ये हे दोघे सर्रास एकमेकांत मिसळलेले असतात. मन्रोचं 1978 चं पुस्तक कॅनडात 'हू डू यू थिंक यू आर?' म्हणून आलं आणि बाहेर 'द बेगर मेड' या नावाने, तर दोन्ही नावांनी सर्च करा नाहीतर अर्धी समीक्षा हातची जाईल. जॉन रिचर्डसनच्या 1832 च्या 'वाकूस्टा' या कादंबरीची न्यू कॅनेडियन लायब्ररी या पुस्तकमालेतली स्वस्त आवृत्ती संक्षिप्त होती, पूर्ण मजकूर नीट तपासून 1987 साली कार्लटन युनिव्हर्सिटीच्या संपादन केंद्राने काढला. तेव्हा समीक्षकाने कुठली आवृत्ती वाचली होती ते त्याच्या टीपांत आधी बघायचं, मग त्याचं मत.

आता समीक्षा. ती कुठल्याही क्रमाने वाचू नका, सालाच्या क्रमाने वाचा, कारण इथले समीक्षक एकमेकांना उत्तरं देत आलेत. 1965 साली कार्ल क्लिंक यांच्या संपादनाखाली 'लिटररी हिस्टरी ऑफ कॅनडा' आला, त्याचा समारोप नॉर्थ्रॉप फ्राय यांनी लिहिला, अवाढव्य निसर्गापुढे तटबंदी करून बसलेल्या छोट्या वस्त्यांची मानसिकता या साहित्यात दिसते असं त्यांचं म्हणणं. हा समारोप एकदा नाही, दोनदा वाचा. मग 1972 चं ॲटवूडचं 'सर्व्हायव्हल', ज्यात तग धरून राहणं हेच कॅनडाच्या साहित्याचं मुख्य सूत्र मानलंय आणि बळी असण्याच्या चार अवस्था सांगितल्यात. सामान्य वाचकांसाठी लिहिलेलं असल्यामुळे भराभर वाचून होतं आणि म्हणूनच त्याच्या प्रेमात पडून सगळ्या कादंबऱ्यांवर तेच सूत्र चिकटवायचा मोह होतो. त्या मोहावरचा उतारा म्हणजे फ्रँक डेव्ही यांचा 1976 साली छापून आलेला 'सर्व्हायव्हिंग द पॅराफ्रेज' हा निबंध, त्यात ते म्हणतात की असं सूत्र शोधत बसणारी समीक्षा पुस्तकाचा फक्त आशय सांगते, भाषा आणि रचना यांच्याकडे बघतच नाही. हे तिघं ओळीने वाचले की पुढचे वाद आपोआप कळायला लागतात, लिंडा हचन यांचं 1988 चं कॅनेडियन पोस्टमॉडर्नवरचं पुस्तक मग जड जात नाही.

पण या सगळ्या चर्चेत 'आपण' म्हणजे कोण हा प्रश्न बराच काळ नीट विचारलाच गेला नव्हता, आणि इथे तिसरा प्रश्न, कोणाला घेतलं नाही, तो कामाला येतो. मूळनिवासी लेखकांच्या साहित्याबद्दल त्यांच्यातल्याच लोकांनी लिहिलेली समीक्षा वाचायची असेल तर जेनेट आर्मस्ट्राँग यांनी 1993 साली संपादित केलेला संग्रह घ्या, थायटस बुक्सने काढलेला, आणि मग डॅनियल हीथ जस्टिस यांचं 2018 चं पुस्तक. आफ्रिकन-कॅनेडियन साहित्यासाठी जॉर्ज एलियट क्लार्क यांचं 2002 चं 'ओडिसीज होम' आणि त्याच्या मागची लांबलचक सूची, जी एकट्याने केलेलं फार मोठं काम आहे. स्मारो कांबुरेली यांचं 2000 चं 'स्कँडलस बॉडीज' स्थलांतरितांच्या लेखनासाठी. ही नावं जुन्या सूच्यांच्या शेवटी जोडायची पुरवणी समजू नका, यांच्यापासून सुरुवात केली तर जुन्या सूच्यांतल्या मोकळ्या जागा जास्त स्पष्ट दिसतात.

समीक्षेची तारीख का बघायची याचं माझं आवडतं उदाहरण फ्रेडरिक फिलिप ग्रोव्ह या कॅनेडियन लेखकाचं. त्याने स्वतःच्या आयुष्याबद्दल जे सांगितलं ते सगळ्यांनी खरं धरलं, 1946 ला आलेल्या आत्मचरित्राला गव्हर्नर जनरल पुरस्कारसुद्धा मिळाला, आणि 1970 च्या दशकाच्या सुरुवातीला डी. ओ. स्पेटिग यांनी शोधून काढलं की हा मुळात जर्मनीतला फेलिक्स पाउल ग्रेव्ह नावाचा लेखक-अनुवादक. त्याआधीची ग्रोव्हवरची चरित्रात्मक समीक्षा त्यामुळे आज वेगळ्याच नजरेने वाचावी लागते, टाकाऊ नाही, पण वाचताना साल डोळ्यासमोर ठेवायला लागतं.

जर्नल्समध्ये सगळ्यात आधी 'कॅनेडियन लिटरेचर', 1959 पासून ब्रिटिश कोलंबिया युनिव्हर्सिटीतून निघतं, पहिले संपादक जॉर्ज वुडकॉक. मग न्यू ब्रन्सविक युनिव्हर्सिटीचं 'स्टडीज इन कॅनेडियन लिटरेचर'. दोघांचे बरेच जुने अंक नेटवर मोफत वाचता येतात, मी तर म्हणेन की आपल्या लेखकाचं मुख्य पुस्तक ज्या साली आलं त्या सालचे आणि पुढच्या दोन वर्षांचे अंक परीक्षणांसकट चाळा.

नोंदी करताना प्रत्येक लेखापुढे चार गोष्टी लिहा: साल, समीक्षकाने वापरलेली आवृत्ती, तो कोणाला उत्तर देतोय, आणि हा लेख तुम्हाला कुठल्या सूचीत सापडला. चौथी गोष्ट लोक लिहीत नाहीत, पण सहा महिन्यांनी गाईडने विचारलं की 1970 ते 80 मधलं सगळं बघितलंस का, तेव्हा उत्तर तिथूनच मिळतं.

हस्तलिखितांपर्यंत जायचं असेल तर मन्रो आणि मॉर्डेकाय रिचलर यांची कागदपत्रं कॅल्गरी युनिव्हर्सिटीत, मार्गारेट लॉरेन्सची यॉर्क युनिव्हर्सिटीत आणि ॲटवूडची टोरोंटोच्या थॉमस फिशर लायब्ररीत आहेत. कुठल्या बॉक्समध्ये काय आहे याची यादी या लायब्रऱ्या ऑनलाइन देतात. ती आधी पूर्ण वाचा, बॉक्स आणि फाइल नंबर लिहून घ्या आणि मगच लायब्ररीला मेल करा, काही फाइल्सना परवानगी लागते तर तेही त्याच मेलमध्ये विचारून टाका.