शिजवून आणलेली टर्की गरम करताना

थँक्सगिव्हिंगला, म्हणजे नोव्हेंबरातल्या चौथ्या गुरुवारी येणाऱ्या अमेरिकी सणाला, दुकानातून शिजवलेली टर्की आणणार असाल, तर आधी एक गोष्ट मनाशी पक्की करा: ती अख्खी गरम करायची नाही. बुधवारी संध्याकाळी, थंड असतानाच कापून ठेवायची. टेबलाच्या मधोमध अख्खा पक्षी मांडायची हौस मला कळते. पण एकदा भाजलेलं मांस पुन्हा दोन-अडीच तास ओव्हनमध्ये ठेवलं की छातीकडच्या भागाचा चोथा होतो, आणि पाहुणे नेमका तोच भाग मागतात.

छातीच्या मांसात चरबी फार कमी असते. पहिल्या भाजणीतच त्यातलं बरंच पाणी गेलेलं असतं. पुन्हा तापवलं की तंतू आणखी आवळतात आणि राहिलेलं पाणीही बाहेर येतं. मांडी आणि तंगडी मात्र दुसऱ्यांदा तापवली तरी मऊच राहतात, कारण तिथे चरबी जास्त आणि सांध्याजवळचा चिवट भाग विरघळलेला असतो. आमच्या सासूबाई कोल्हापूरहून येतात तेव्हा छातीच्या कापांकडे बघतही नाहीत, थेट तंगडी मागतात.

विकत घेताना वेष्टनावर 'फुल्ली कुक्ड' लिहिलंय ना, ते वाचा. 'ओव्हन रेडी' म्हणजे बहुधा कच्ची टर्की असते. इथे अमेरिकेत, न्यू जर्सीतल्या एडिसनमध्ये आमच्या ओळखीतली बरीच घरं टर्की, ग्रेव्ही, बटाटे असं सगळं जेवण एकत्र मागवतात. ते थंडगार मिळतं, म्हणून आणल्याबरोबर फ्रीजमध्ये जाऊ द्या. गोठवलेली टर्की असेल तर ती फ्रीजमध्येच सुटू द्यायची, दर चार-पाच पौंडांना एक दिवस धरून. म्हणजे बुधवारी संध्याकाळी कापायची बारा पौंडांची टर्की रविवारी संध्याकाळी फ्रीझरमधून खाली यायला हवी. ओट्यावर रात्रभर ठेवू नका. बाहेरून ती कोमट होते, आत बर्फ तसाच राहतो.

आता कापायचं. पोटात स्टफिंग, म्हणजे भरलेलं सारण, असेल तर ते काढून वेगळ्या डब्यात ठेवा. मांडी बाहेरच्या बाजूला वाकवली की सांध्याचा पांढरा गोळा वर येतो. सुरी त्या गोळ्याच्या कडेने फिरवा. हाड कापायला जाऊ नका, सांधा सापडला की मांडी आपोआप सुटते. मग छातीच्या मधल्या उभ्या हाडाला सुरी चिकटवून खालपर्यंत न्या, म्हणजे एका बाजूचं सगळं मांस एका तुकड्यात हातात येतं. त्याचे तंतूंना आडवे, करंगळीइतके जाड काप करा. याहून पातळ केलेत तर ते वाळतात. छातीवरची कातडी अलगद सोलून बाजूला ठेवा. काप एका काचेच्या ट्रेमध्ये एकमेकांवर थोडे चढवून लावा, तंगड्या-मांड्या दुसऱ्या ट्रेमध्ये, आणि दोन्ही ट्रे झाकून फ्रीजमध्ये.

सांगाडा टाकाल तर सगळी मेहनत अर्धी वाया. मोठ्या पातेल्यात सांगाडा, एक उभा चिरलेला कांदा, आल्याचा तुकडा, चार मिरी आणि बुडेल इतकं पाणी घालून मंद आचेवर दीड-दोन तास उकळत ठेवा. आपण मटणाची अळणी, म्हणजे बिनतिखटाचं पातळ सूप, काढतो, तशीच ही टर्कीची अळणी. हळद घालू नका, नाहीतर पांढरे काप पिवळे पडतील. मीठही नको. तयार टर्की बहुतेक वेळा मिठाच्या पाण्यात मुरवलेली असते आणि ते मीठ रश्शात उतरतंच. गाळून उथळ भांड्यांमध्ये ओता, म्हणजे लवकर निवेल, आणि फ्रीजमध्ये ठेवा. सकाळी ती जेलीसारखी थरथरली की समजा जमली. दुकानातला डबाबंद ब्रॉथ चालतो, पण त्याला ही चव नाही.

गुरुवारी ओव्हन 325 फॅरनहाइटला लावा, त्याच्या खाली नको. तंगड्यांचा ट्रे आधी आत, छातीचा त्यानंतर पंधरा-वीस मिनिटांनी. प्रत्येक ट्रेमध्ये पाऊण कप गरम अळणी ओता, वर लोण्याचे तीन-चार तुकडे ठेवा आणि फॉइल कडेकडेने घट्ट दाबून बसवा. वाफ आत राहिली पाहिजे, सगळी युक्ती त्यातच आहे. छातीच्या कापांना साधारण तीस ते चाळीस मिनिटं लागतात. पण घड्याळावर विसंबू नका, थर्मामीटर वापरा. अमेरिकी कृषी खात्याचा आकडा 165 फॅरनहाइट, म्हणजे 74 सेल्सियस. कापात थर्मामीटरची सुई आडवी, कडेने घाला. मांडीत घालताना ती हाडाला टेकू देऊ नका, नाहीतर आकडा चुकीचा येतो. 165 दिसलं की ट्रे बाहेर. आणखी दहा मिनिटं आत राहू द्यायचा मोह होतो, तो टाळा.

ट्रे बाहेर आला की ओव्हन 425 वर न्या. तंगड्यांवरचं फॉइल काढा, शेजारी सोललेली कातडी पसरा आणि पाच-सात मिनिटं आत ठेवा. कातडी कुरकुरीत झाली की चुरडून कापांवर भुरभुरायची. आमच्याकडे तंगड्यांना या वेळी वितळलेल्या लोण्यात कालवलेला कांदा-लसूण मसाला लावतात. छातीच्या कापांना मी तो लावत नाही, त्यांना ग्रेव्ही हवी. ग्रेव्ही नुसती कोमट करू नका, चांगली उकळू द्या.

स्लो कुकरमध्ये थंड टर्की गरम करायला ठेवू नका. ती फार सावकाश तापते आणि 40 ते 140 फॅरनहाइटच्या मधल्या पट्ट्यात, जिथे जंतू झपाट्याने वाढतात, बराच वेळ घुटमळते. एकट्यासाठी ताट गरम करायचं असेल तर मायक्रोवेव्ह चालतो: वर दोन चमचे अळणी, झाकण, आणि मध्ये एकदा काप उलटायचे.

तरीही कुणाला अख्खीच हवी असेल, तर दहा-बारा पौंडांच्या टर्कीला 325 वर, खाली दोन कप अळणी आणि वर फॉइल घालून, अंदाजे दोन ते अडीच तास धरा. मांडी आणि छाती, दोन्हीकडे 165 बघा. धुरावलेली टर्की आतून गुलाबी दिसली तर घाबरू नका, तिचा रंगच तसा असतो. आकडा बरोबर असला की झालं.

जेवण झाल्यावर दोन तासांच्या आत उरलेलं फ्रीजमध्ये गेलंच पाहिजे. गप्पा रंगल्या की हे हमखास राहून जातं, म्हणून घरातल्या एकाला आधीच नेमून ठेवा. फ्रीजमध्ये ते तीन-चार दिवस टिकतं. फ्रीझरमध्ये घालायचं असेल तर अळणीत बुडवून छोट्या डब्यांत घाला आणि पुढच्या वेळी लागेल तेवढाच डबा काढा. शिल्लक अळणीचा शुक्रवारी पांढरा रस्सा होतो: तीळ, खसखस आणि काजूचं वाटण, नारळाचं दूध, खडा मसाला. नारळाचं दूध घातल्यावर सतत हलवा, खळखळून उकळू देऊ नका, आणि टर्कीचे बारीक तुकडे अगदी शेवटी सोडून गरम करून घ्या.