शाळूचे सँडविच बन: इसबगोलाशिवाय हात घालू नका

सांगलीकडचा शाळू, म्हणजे रब्बी ज्वारी, भाकरीला चांगला, पण त्यात गव्हासारखं पीठ धरून ठेवणारं ग्लुटेन नाही. नुसत्या पिठाचा बन फुगत नाही, भेगाळतो. ती पकड इसबगोल देतं. २० ग्रॅम इसबगोल ३३० मिली कोमट पाण्यात १० मिनिटं ठेवा, चमच्याला लोंबेल असा गोळा होतो. मग २०० ग्रॅम शाळूपीठ, १०० ग्रॅम कॉर्नफ्लोअर, ७ ग्रॅम इन्स्टंट यीस्ट, साखर-तेल दोन-दोन चमचे, चमचाभर मीठ. ओल्या हातानं सहा बन वळा, एकदाच पाऊण तास फुगवा. जास्त ठेवले की बसतात. ओव्हनमध्ये २०० अंश सेल्सिअसवर ३० मिनिटं भाजा. गरम कापलात तर आत चिकट लगदा, तासभर थांबाच. आणि सीलिअॅक (ग्लुटेन न चालणारा आजार) असेल तर गव्हाच्या गिरणीतलं पीठ नको, घरघंटीही वेगळीच हवी.