खालची पट्टी की तीन रेघांचा मेनू?

ॲपमध्ये तीन ते पाच मुख्य विभाग असतील आणि वापरणाऱ्याची त्यांत दिवसभर ये-जा असेल, तर खालची टॅब पट्टीच, म्हणजे स्क्रीनच्या तळाशी कायम दिसणारी बटणांची ओळ, घ्या. समजा, नागपूरच्या कळमना बाजारातल्या संत्र्याच्या अडत्यांसाठी ॲप करताय. ‘भाव’, ‘आवक’, ‘पावत्या’, ‘खाते’ ही चार नावं कायम डोळ्यांसमोर हवीत. एका हातात पावतीबुक असताना अंगठा खालीच सहज पोचतो. तीन रेघांच्या चिन्हामागे दडलेल्या मेनूत टाकलेलं लोक विसरतात. तिथे भाषा, मदत, सेटिंग्ज एवढंच ठेवा. शिवाय अँड्रॉइड १० पासून जेश्चर (बटणांऐवजी बोट ओढून फोन चालवायची सोय) चालू असले की कडेवरून बोट ओढल्यावर ॲप मागच्या स्क्रीनवर जातं, म्हणून डावीकडून ओढून उघडणारा मेनू हमखास गोंधळ घालतो.

‘आज, आठवडा, महिना’ ही एकाच माहितीची रूपं. ती पट्टीत नकोत, स्क्रीनच्या वरच्या भागात एकमेकांना चिकटलेली जोडबटणं द्या.

बटणाची दाबायची जागा अँड्रॉइडवर किमान ४८ डीपी, आयफोनवर ४४ पॉइंट (ही दोन्ही स्क्रीनवरच्या मापाची एककं). चिन्हाखाली नाव हवंच, तेही एका शब्दाचं: ‘माझे व्यवहार’ लहान फोनवर कापलं जातं, ‘व्यवहार’ मावतं. फोनचा फॉन्ट मोठा करून नक्की तपासा, कारण पट्टीची उंची कमी पडली तर आधी मात्रा आणि वेलांट्या छाटल्या जातात. निवडलेला टॅब नुसत्या फिक्या रंगाने दाखवू नका. मे महिन्याच्या उन्हात तो फरक दिसतच नाही. भरीव चिन्ह आणि ठळक नाव वापरा. टॅब बदलून परत आल्यावर यादी जिथे सोडली होती तिथेच उघडली पाहिजे.