या चुका टाळा : अमेरिकेच्या केंद्रीय बंदूक कायद्यांबद्दल लिहिताना

अमेरिकेत कुठे गोळीबार झाला की आपल्याकडे दोन दिवसांत लेख येतात आणि त्यांत ठरलेले घोटाळे सापडतात. १९३४ साली मशीनगनवर 'बंदी' आली, केनेडींच्या हत्येनंतर 'लगेच' कायदा झाला, १९९४ साली 'स्वयंचलित' रायफली बंद झाल्या, वगैरे. यातले बरेचसे घोटाळे एकाच कारणाने होतात. आपण तिथला कायदा आपल्या शस्त्र अधिनियमाच्या चष्म्यातून वाचतो.

परवाना नक्की कोणाचा?

भारतात १९५९ च्या शस्त्र अधिनियमाच्या कलम ३ नुसार परवान्याशिवाय बंदूक जवळ बाळगताच येत नाही. पुण्या-मुंबईत पोलीस आयुक्त आणि जिल्ह्यात जिल्हादंडाधिकारी परवाना देतात. त्यामुळे इंग्रजी बातमीत 'फेडरल फायरआर्म्स लायसन्स' दिसलं की आपला लेखक बिनदिक्कत 'बंदूकधारकाचा परवाना' लिहून मोकळा होतो. तो परवाना दुकानदाराचा असतो. १९३८ च्या फेडरल फायरआर्म्स अ‍ॅक्टने तो आणला, तेव्हा फी होती वर्षाला एक डॉलर. साधी बंदूक बाळगणाऱ्या नागरिकासाठी केंद्राचा परवाना तेव्हा नव्हता आणि आजही नाही. १९६८ साली राष्ट्राध्यक्ष लिंडन जॉन्सन यांना प्रत्येक बंदुकीची नोंदणी आणि प्रत्येक मालकाला परवाना हवा होता; संसदेने दोन्ही नाकारलं.

यावरून 'अमेरिकेत परवाना लागतच नाही' असं लिहिलंत तर तेही चूकच. इलिनॉयमध्ये मालकाला राज्याचं ओळखपत्र काढावं लागतं, न्यूयॉर्कमध्ये पिस्तुलासाठी राज्याचा परवाना लागतो. म्हणून वाक्य लिहिण्याआधी नियम वॉशिंग्टनचा आहे की राज्याचा, एवढं ठरवून घ्या.

नोंदणीचीही तीच गत. 'पोलिसांनी कॉम्प्युटरवर बंदुकीचा मालक शोधला' असं सर्रास छापून येतं. पण देशभरातल्या साध्या बंदुकांच्या मालकांची नोंदवही ठेवायला १९८६ च्या कायद्याने केंद्राला मनाईच केली आहे. माग काढायची रीत अशी : गुन्ह्याच्या जागी सापडलेल्या बंदुकीचा क्रमांक वेस्ट व्हर्जिनियातल्या मार्टिन्सबर्गच्या ट्रेसिंग सेंटरला कळवतात. तिथला कर्मचारी कारखान्याला विचारतो, माल कोणत्या घाऊक व्यापाऱ्याकडे गेला. घाऊक व्यापारी दुकानाचं नाव सांगतो, आणि दुकानदार फाइलमधून पहिल्या गिऱ्हाइकाचा फॉर्म शोधून काढतो. दुकान बंद पडलं असेल तर त्याचे कागद खोक्यांत भरून मार्टिन्सबर्गलाच आलेले असतात. त्यांचं स्कॅनिंग होतं, पण मालकाच्या नावाने त्यांत शोध घेता येत नाही. शिवाय पहिल्या गिऱ्हाइकाने बंदूक पुढे कोणाला विकली असेल तर माग बहुधा तिथेच तुटतो.

१९३४ : बंदी नव्हती, कर होता

नॅशनल फायरआर्म्स अ‍ॅक्टवर फ्रँकलिन रूझवेल्ट यांनी २६ जून १९३४ रोजी सही केली. दारूबंदीच्या काळातल्या टोळीयुद्धांची ही पार्श्वभूमी. पण केंद्र सरकारला थेट बंदी घालण्याचा अधिकार आहे का, याबद्दल तेव्हा शंका होती. कर लावण्याच्या अधिकाराबद्दल ती नव्हती, म्हणून कायदा कराच्या वाटेने आला. मशीनगन, आखूड नळीची रायफल किंवा शॉटगन, सायलेन्सर यांपैकी काहीही बनवलं किंवा दुसऱ्याच्या नावावर केलं की २०० डॉलर कर आणि नोंदणी. थॉम्पसन सबमशीनगनची किंमतच त्या काळी साधारण तेवढी होती, म्हणजे वस्तू दुप्पट महाग झाली.

महागाईनुसार हा आकडा कधीच वाढवला नाही, त्यामुळे त्याची धार आपोआप बोथट होत गेली. आता तर १ जानेवारी २०२६ पासून सायलेन्सर आणि आखूड नळीच्या बंदुकांवर तो शून्य आहे. मशीनगनवर २०० डॉलर कायम आहे. कर शून्य झाला म्हणजे नोंदणीही गेली असं मात्र लिहू नका. अर्ज, बोटांचे ठसे, फोटो हे सगळं अजून लागतं.

रायफलची नळी चार बोटं आखूड असली तर एवढं काय बिघडतं, हा प्रश्न वाचकाला पडतोच. मूळ मसुद्यात पिस्तूल आणि रिव्हॉल्व्हरही होते. कोणी रायफलची नळी कापून तिचं पिस्तूल करू नये म्हणून आखूड नळीचं कलम घातलं गेलं. विरोध झाल्यावर पिस्तुलं वगळली, पण ते कलम तसंच राहिलं. दरवाजा काढून नेला आणि कडी राहिली, असा प्रकार. आज मर्यादा रायफलसाठी १६ इंच आणि शॉटगनसाठी १८ इंच आहे. १९३४ मध्ये दोन्हींसाठी १८ इंच होती, रायफलची १९६० मध्ये कमी झाली. जुना दस्तऐवज वाचून १८ चा आकडा आजच्या रायफलला चिकटवणं ही नेहमीची चूक.

१९६८ : एक वर्ष, दोन कायदे

जॉन केनेडी यांची हत्या २२ नोव्हेंबर १९६३ ची. त्यांचा मारेकरी ली हार्वी ऑस्वाल्ड याने इटालियन बनावटीची कार्कानो रायफल शिकागोच्या एका दुकानातून टपालाने मागवली होती, मासिकातल्या जाहिरातीचं कुपन भरून, 'ए. हिडेल' या खोट्या नावाने. दुर्बिणीसकट रायफल १९ डॉलर ९५ सेंट आणि पाठवणावळ दीड डॉलर. सिनेटर थॉमस डॉड टपालविक्रीला आळा घालण्याचं विधेयक हत्येच्या आधीपासूनच मांडत होते, आणि हत्येनंतरही ते जवळजवळ पाच वर्षं रखडलं. तेव्हा 'लगेच' हा शब्द काढून टाका.

मार्टिन ल्यूथर किंग ४ एप्रिल १९६८ रोजी मारले गेले. सिनेटने मे महिन्यात ऑम्निबस क्राइम कंट्रोल अ‍ॅक्ट मंजूर केला, प्रतिनिधी सभागृहाने ६ जूनला, म्हणजे जॉन यांचे भाऊ रॉबर्ट केनेडी यांचा हत्येच्या हल्ल्यानंतर मृत्यू झाला त्याच दिवशी. जॉन्सन यांची सही १९ जूनची. तारखा नीट पाहिल्या तर जूनचा कायदा 'रॉबर्ट केनेडींच्या हत्येमुळे आला' असं सरळ म्हणता येत नाही; सिनेटचं काम आधीच उरकलं होतं. त्या कायद्याचा भर पिस्तुलांवर होता. २२ ऑक्टोबरच्या गन कंट्रोल अ‍ॅक्टने रायफल आणि शॉटगनही कक्षेत घेतल्या, आणि आजची चौकट ती हीच : दुसऱ्या राज्यातली खरेदी परवानाधारक दुकानदारामार्फतच, दुकानातून लांब बंदुकीसाठी वय १८ आणि पिस्तुलासाठी २१, प्रत्येक बंदुकीवर क्रमांक, आणि बंदूक बाळगायला मनाई असलेल्यांची यादी. मूळ मजकूर पाहायचा तर युनायटेड स्टेट्स कोडचा खंड १८, कलम ९२२ उघडा. १९३४ चा कायदा मात्र खंड २६ मध्ये, प्राप्तिकराच्या शेजारी बसलेला आहे.

१९८६ : ढील आणि गाठ एकाच कायद्यात

फायरआर्म ओनर्स प्रोटेक्शन अ‍ॅक्टला कोणी 'सवलतींचा कायदा' म्हणतं, कोणी 'मशीनगनबंदी'. तो दोन्ही आहे. दुकानाची नेहमीची तपासणी वर्षातून एकदाच, काडतुसांच्या नोंदींची सक्ती बहुतांशी रद्द, या सवलती. आणि याच कायद्यात घातलेल्या 'ह्यूज दुरुस्ती' या कलमामुळे १९ मे १९८६ नंतर बनलेली मशीनगन सामान्य नागरिकाला मिळत नाही. त्याआधी नोंदवलेल्या मशीनगन आजही कायदेशीर विकल्या जातात. नवा माल येत नाही, म्हणून त्यांचे भाव गगनाला भिडलेत.

ब्रेडी कायदा : पाच दिवस की तीन?

सगळ्यात जास्त गोंधळ इथे. १९८१ मध्ये रेगन यांच्यावरील हल्ल्यात जखमी झालेले माध्यम सचिव जेम्स ब्रेडी यांच्या नावाचा, गिऱ्हाइकाच्या पूर्वेतिहासाची तपासणी सक्तीची करणारा हा कायदा ३० नोव्हेंबर १९९३ रोजी झाला. पाच दिवस थांबण्याची अट पिस्तुलांपुरती आणि तात्पुरती होती, २८ फेब्रुवारी १९९४ पासून ३० नोव्हेंबर १९९८ पर्यंत. १९९८ मध्ये या तपासणीसाठी एफबीआयची एनआयसीएस ही संगणकीय यंत्रणा सुरू झाली आणि पाच दिवस संपले. मधल्या काळात तपासणी स्थानिक शेरीफ, म्हणजे तिथले पोलीसप्रमुख, करत. केंद्र त्यांना तशी सक्ती करू शकत नाही, असा निकाल सर्वोच्च न्यायालयाने १९९७ मध्ये दिला.

आज काउंटरवर काय होतं? गिऱ्हाईक फॉर्म ४४७३ भरतं, ओळखपत्र दाखवतं. बंदूक स्वतःसाठीच घेतोय का, गंभीर गुन्ह्यात शिक्षा झाली आहे का, असे हो-नाही प्रश्न त्यात असतात. दुकानदार एफबीआयला किंवा काही राज्यांत राज्याच्या यंत्रणेला विचारतो. उत्तर तीनपैकी एक : विका, विकू नका, थांबा. 'थांबा' आलं आणि तीन कामकाजाच्या दिवसांत निर्णय कळला नाही, तर केंद्रीय कायद्याप्रमाणे दुकानदार विकू शकतो. तीनचा आकडा इथला. २०१५ मध्ये चार्ल्सटनच्या चर्चमध्ये नऊ जणांना मारणाऱ्याने पिस्तूल याच फटीतून मिळवलं होतं. २१ वर्षांखालच्या गिऱ्हाइकासाठी २०२२ च्या कायद्याने ही मुदत गरजेनुसार दहा कामकाजाच्या दिवसांपर्यंत नेली आहे.

'गन शोमध्ये (बंदुकांच्या विक्री-जत्रेत) तपासणी होत नाही' हे वाक्यही अर्धंच खरं. जागेला महत्त्व नाही. परवानाधारक दुकानदार जत्रेत बसला तरी त्याला तपासणी करावीच लागते. केंद्रीय कायद्यात ती लागत नाही ती व्यवसाय म्हणून न विकणाऱ्या खाजगी व्यक्तीला.

१९९४ : 'स्वयंचलित' शब्द खोडा

चाप एकदा दाबला की गोळ्या सुटतच राहतात ती स्वयंचलित, म्हणजे मशीनगन. ती १९३४ च्या कायद्याखाली येते. एका दाबाला एकच गोळी, पण पुढचं काडतूस आपोआप चढतं, ती अर्धस्वयंचलित. दुकानात मिळणारी एआर-१५ ही दुसऱ्या प्रकारातली. १३ सप्टेंबर १९९४ चा कायदा दुसऱ्या प्रकाराबद्दल होता, आणि तोही सरसकट नव्हे. काही मॉडेलं नावानिशी होती. बाकीच्यांसाठी कसोटी अशी : मॅगझिन (काडतुसांची पेटी) काढता येतं आणि घडीचा दस्ता, पिस्तुलासारखी मूठ, संगिनीची खोबण अशांपैकी किमान दोन गोष्टी आहेत, अशी रायफल बंद. कारखान्यांनी खोबण काढली, दस्ता पक्का केला आणि तीच रायफल पुन्हा बाजारात आणली. दहापेक्षा जास्त काडतुसांची नवी मॅगझिनही बंद झाली, जुनी चालू राहिली. दहा वर्षांची मुदत कायद्यातच लिहिलेली होती. १३ सप्टेंबर २००४ ला तो आपसूक संपला. न्यायालयाने तो रद्द केला नव्हता, आणि बुश यांनीही 'मागे घेतला' नव्हता.

कोणी केलं, कोणी मोडलं

शाळेजवळ बंदूक नको म्हणणारा १९९० चा कायदा न्यायालयाने १९९५ मध्ये रद्द केला, इथवर सगळे लिहितात. १९९६ मध्ये आंतरराज्य व्यापाराशी संबंध जोडून तो पुन्हा केला गेला, हे सुटतं. बम्प स्टॉकवरची (अर्धस्वयंचलित रायफलीतून भराभर गोळ्या सोडू देणाऱ्या दस्त्यावरची) २०१८ ची बंदी कायदा नव्हती, एटीएफ या केंद्राच्या शस्त्रविषयक खात्याचा नियम होता. म्हणून २०२४ मध्ये न्यायालयाने 'याला मशीनगन म्हणता येत नाही' एवढ्यावर ती उडवली, शस्त्र बाळगण्याचा हक्क देणाऱ्या दुसऱ्या घटनादुरुस्तीला हातही न लावता. आणि कृपा करून नुसतं 'काँग्रेसने कायदा केला' लिहू नका. मराठी वाचकाच्या डोळ्यांसमोर हाताचा पंजा येतो. अमेरिकी संसद म्हणा.

एच-१बी वाल्यांसाठी

अमेरिकेतल्या मराठी मंडळींना ज्याचा थेट चटका बसू शकतो ते कलम १९९८ चं. एच-१बी, एच-४, एफ-१ अशा स्थलांतरितेतर व्हिसावर असलेल्यांना केंद्रीय कायद्याने बंदूक किंवा काडतूस बाळगायला मनाई आहे. मित्राबरोबर शूटिंग रेंजवर जाऊन भाड्याने पिस्तूल हातात घेणं हेही बाळगणंच. यातला नेहमीचा अपवाद म्हणजे एखाद्या राज्याचा चालू मुदतीचा शिकारीचा परवाना. दुकानातून घ्यायची तर ४४७३ सोबत त्याचा पुरावा द्यावा लागतो. परवान्याची मुदत संपली की अपवादही संपतो, आणि घरातल्या कपाटातली बंदूक त्या दिवसापासून गुन्हा ठरते. २०२२ पासून त्याची कमाल शिक्षा १५ वर्षं आहे, आधी १० होती. ग्रीनकार्डधारकांना ही मनाई लागू नाही.